किल्ली ठेवून जा!

मालवाहू टेम्पोचा साधा व्यवहार. किमतीचा बहुतांश भाग चुकता झालेला, उरलेली रक्कम इंजिनाच्या दुरुस्तीचा खर्च कोणी सोसावा या वादापायी अडलेली, आणि सरकारदरबारी गाडी अद्याप विक्रेत्याच्याच नावावर. अशा स्थितीत त्या विक्रेत्याने दिवाणी न्यायालयाची पायरी चढण्याऐवजी पोलीस ठाण्यात तक्रारअर्ज दिला आणि मला गाडीसह हजर राहण्याचा तोंडी निरोप आला. अंमलदार सौजन्याने, पण निक्षून म्हणाले, "यांचे पैसे देऊन टाका आणि गाडी न्या, तोवर किल्ली ठेवून जा." गुन्हा कोणता नोंदला, असे विचारता उत्तर मिळाले, "गुन्हा कसला? नुसता अर्ज आहे." तरीही किल्ली त्या टेबलावर ठेवणे भाग पडले, पंचनामा नाही, पावतीही नाही. आवारात जुन्या मुद्देमालाच्या गाड्या चाकांतली हवा जाऊन जमिनीला टेकल्या होत्या, एकीच्या बॉनेटमधून तर गवत वर आले होते. त्याच रांगेत माझ्या पोटापाण्याचे साधन उभे राहिले. पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज गेल्यानंतरच ते परत मिळाले.

व्यवहारातली बाकी वसूल करून देणे हे पोलिसांचे काम नव्हे. तिच्यासाठी दिवाणी दावा आहे, आणि त्याची मुदत सामान्यतः 3 वर्षांची. मालमत्ता चोरीची असल्याचा किंवा एखाद्या अपराधाशी निगडित असल्याचा संशय असेल, तरच भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 106 अन्वये पोलिसांना ती जप्त करता येते, आणि तसे केल्यास दंडाधिकाऱ्यांना वर्दी द्यावी लागते. रीतसर जप्त झालेली वाहनेसुद्धा ठाण्यात दीर्घकाळ कुजत ठेवू नयेत, योग्य हमी घेऊन ती ताब्यात द्यावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 मध्येच बजावले आहे. मग ज्या जप्तीचा कागदच नाही, तिला आधार तो कोणता? कर्जाचे हप्ते थकल्यावर दांडगाईने गाडी उचलून नेणाऱ्या वसुलीवाल्यांचाही त्या न्यायालयाने 2007 मध्ये कडक शब्दांत निषेध केला आहे.

विक्रेत्याच्या तगाद्यामागची व्यथा मला कळते, आणि प्रत्येक तक्रार दिवाणीच असते असेही नाही. बनावट कागदपत्रे, चोरीची गाडी, प्रारंभापासूनच फसवणुकीचा हेतू, हे निखळ फौजदारी विषय होत. तेथे फिर्याद नोंदवून घेण्यास टाळाटाळ झाली तर अधीक्षकांकडे आणि पुढे दंडाधिकाऱ्यांकडे दाद मागावी. विकणाऱ्याने आणखी एक जाणावे. त्याच राज्यातल्या विक्रीची वर्दी 14 दिवसांत परिवहन कार्यालयास देणे मोटार वाहन कायद्याच्या कलम 50 प्रमाणे त्याचे कर्तव्य आहे. ती न दिल्यास, गाडी दुसऱ्याच्या कब्जात असताना झालेल्या अपघाताची भरपाईसुद्धा नोंदणीकृत मालकाच्या माथी बसते, असा निवाडा 2018 मध्ये झाला आहे. म्हणून बाकीची रक्कम, तिची मुदत आणि दुरुस्तीचा भार हे सारे विक्रीच्या करारात साक्षीदारांसमक्ष लिहून, हस्तांतरणाचे नमुने 29 व 30 त्याच बैठकीत भरून टाकावेत.

वाचकहो, ठाण्यातून बोलावणे आले तर अवश्य जा, शांतपणे जबाब द्या, करारपत्राची नक्कल दाखवा. दडपणाखाली लिहिलेल्या समझोत्यावर मात्र सही करू नका, आणि किल्ली मागितली गेली तर आधी जप्तीचा पंचनामा व त्याची नक्कल मागा.