नगराची मालमत्ता आणि लिलावातील न्याय

नगरपालिकेच्या कचेरीबाहेरील फळ्यावर पुष्कळदा एखादी जाहीर नोटीस लावलेली असते. बाजारातील एखादा गाळा, एखादा मोकळा भूखंड, जाहीर लिलावाने द्यावयाचा आहे, इच्छुकांनी अनामत रक्कम भरून हजर राहावे, असा तिचा मजकूर असतो. येणारे-जाणारे तिच्याकडे क्षणभर पाहतात आणि पुढे जातात. ज्याला गाळा घ्यावयाचा नाही त्याला तिच्याशी काय कर्तव्य, असे त्यांस वाटते. परंतु त्या नोटिशीत जी वस्तू लिलावास काढलेली असते, ती सर्व नगराची, म्हणजे त्या पाहणाऱ्यांचीही असते.

एखाद्या गृहस्थाने आपले घर कोणास विकावे व किती किमतीस विकावे, हा त्याचा स्वतःचा प्रश्न होय. त्याने ते आपल्या मित्रास निम्म्या किमतीत दिले, तरी कोणी आक्षेप घेऊ शकत नाही. नगरपालिकेस मात्र असे औदार्य दाखविता येत नाही. कारण ती त्या मालमत्तेची विश्वस्त आहे. गाळ्याचे भाडे आणि भूखंडाची किंमत यांतूनच रस्ते, दिवे, पाणी आणि शाळा यांच्या खर्चास हातभार लागतो. तेथे जे कमी पडते, ते अखेर नागरिकांच्या करातून भरून काढावे लागते.

या विश्वस्तपणास कायद्याचा आधार आहे. राज्यघटनेच्या १४ व्या कलमाने सर्वांस कायद्यापुढे समानता दिली आहे, आणि नगरपालिकेसारख्या संस्थांनाही हे कलम बंधनकारक आहे. शिवाय १९४९ साली मुंबई प्रांतात महानगरपालिकांसाठी एक कायदा झाला. पुढे प्रांताची राज्ये झाली, कायद्याचे नावही दोन्हीकडे बदलले. तथापि मूळ कायदा पुण्यासही लागू आहे आणि आपल्या बडोद्यासही. महानगरपालिकेची स्थावर मालमत्ता चालू बाजारभावापेक्षा कमी मोबदल्यात देऊ नये, असे त्याचे ७९ वे कलम सांगते.

बाजारभाव ठरवावयाचा कसा? त्याचा सर्वांत सरळ मार्ग म्हणजे उघडा लिलाव. नोटीस पुरेशी आधी व सर्वांस कळेल अशी प्रसिद्ध व्हावी, अटी सर्वांस सारख्या असाव्यात, किमान किंमत आधी ठरलेली असावी आणि बोली सर्वांसमक्ष व्हावी. यांपैकी एक गोष्ट जरी निसटली, तरी लिलाव केवळ नावाचा उरतो. बोली बोलणाऱ्यांनीच आपसांत संगनमत करून किंमत दाबली, तर तेही गैर होय; २००२ च्या स्पर्धा अधिनियमाने अशा संगनमतास बंदी केली आहे.

नियम मोडल्यास दाद कोठे मागावी? राज्यघटनेच्या २२६ व्या कलमान्वये उच्च न्यायालयात रिट अर्ज करता येतो. अशा वादांत न्यायालयांनी काय पाहिले, हे काही खटल्यांवरून कळते. त्यांतील पहिले दोन नगरपालिकेचे नाहीत. पण त्यांतील तत्त्व सर्वच सार्वजनिक संस्थांस लागू पडते.

पहिला खटला मुंबईच्या विमानतळावरील उपाहारगृहाचा. निविदा मागविताना पाच वर्षांच्या अनुभवाची अट घातली होती; पण ज्याची निविदा स्वीकारली, त्याच्याजवळ तो अनुभव नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने १९७९ साली सांगितले की, संस्थेने जी अट स्वतः घातली, ती तिच्यावरही बंधनकारक आहे. अट वाचून जे दूरच राहिले, त्यांनाही ती सैल होणार हे ठाऊक असते, तर तेही पुढे आले असते! मात्र अर्जदारास दाद मिळाली नाही. तो पाच महिन्यांहून अधिक उशिरा आला होता आणि तोवर दुसऱ्याने त्या जागी बराच पैसा खर्च केला होता. न्याय मागणाऱ्यानेही वेळेवर जागे असावे लागते.

दुसरा खटला हरियाणातील खाणपट्ट्याचा. लिलावात सर्वांत मोठी बोली वर्षाला ३,८७,००० रुपयांची झाली. ती मान्य झाली नाही. उलट एकाने थेट मुख्यमंत्र्यांना पत्र लिहून ४,५०,००० रुपये देऊ केले, आणि इतरांस संधी न देता पट्टा त्यास मिळाला. १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाने उभय पक्षांस आपल्यासमोरच बोली बोलावयास सांगितले. ती चढत चढत वर्षाला २५ लाख रुपयांवर गेली! बंद दाराआड झालेल्या व्यवहाराने जनतेचे किती नुकसान होते, हे सांगावयास याहून बोलके उदाहरण क्वचितच सापडेल.

यावरून कोणी असे समजू नये की, ज्याने सर्वांत मोठी बोली लावली त्याची वस्तू झालीच. नागपूर सुधार प्रन्यासाच्या लिलावाविषयीच्या खटल्यात, १९९६ साली, न्यायालयाने सांगितले की बोली रीतसर मान्य होईपर्यंत तिच्यापासून हक्क उत्पन्न होत नाही. प्रन्यासास ती नाकारता येते. पण लहरीखातर मात्र नव्हे. त्याचप्रमाणे, लिलाव सचोटीने पुरा झाल्यावर कोणी मागाहून येऊन अधिक रक्कम देऊ केली, एवढ्यावरून तो रद्द होत नाही. त्यासाठी फसवणूक किंवा संगनमत दिसावे लागते, असा निर्णय २०२२ साली एका देवस्थानाच्या जमिनीविषयी झाला. तसे नसते, तर कोणताच लिलाव कधी संपला नसता आणि प्रामाणिकपणे बोली लावणारे पुढे आलेच नसते.

हे निर्णय वरवर परस्परविरोधी वाटतात; पण त्यांतील सूत्र एकच आहे. न्यायालय गाळ्याची किंमत ठरविण्यास बसत नाही. तो निर्णय ज्या मार्गाने घेतला गेला, तो मार्ग उघडा व सर्वांस सारखा होता की नाही, एवढेच ते पाहते.

पण न्यायालय आपण होऊन क्वचितच येते. बहुधा कोणी तरी दार ठोठवावे लागते. म्हणून फळ्यावरची ती नोटीस पुन्हा दिसली, तर तिच्यापाशी क्षणभर थांबावे. लिलाव कोणत्या दिवशी आहे, अटी कोणत्या आहेत आणि किमान किंमत किती आहे, एवढे तरी वाचून पुढे जावे. आपल्याच घरची वस्तू बाजारात जात असताना इतके पाहणे हे आपले कर्तव्यच होय.