खेळाचे मोल

हॉकी हा शब्द ऐकला, की आपल्या डोळ्यांपुढे मैदान उभे राहते. कॅनडातील मुलाला मात्र त्याच शब्दाने गोठलेले तळे आठवते. तेथे हिवाळ्यात तळ्यांवर बर्फाचा जाड थर धरतो. पायांत पोलादी पाते बसविलेले बूट आणि हातांत लांब काठी घेऊन खेळाडू त्या थरावरून वाऱ्याच्या वेगाने घसरत जातात. चेंडूच्या जागी रबराची एक चपटी चकती असते व एका वेळी प्रत्येक संघाचे सहा खेळाडू खेळतात. 1875 साली माँट्रिअल शहरात छपराखालच्या बर्फावर या खेळाचा पहिला रीतसर सामना झाला, असे मानतात. आपल्या देशात लडाखमध्येही हिवाळ्यात हा खेळ रंगतो. चंद्रपूर जिल्ह्यातील वरोऱ्याच्या मुलांनी मात्र हे दृश्य मनानेच पाहावे. तेथे वैशाखात पारा 45 अंशांच्या घरात जातो आणि बर्फ भेटतो तो सरबताच्या गाडीवर!

बर्फावरची असो वा मातीवरची असो, हॉकीचे मर्म एकच आहे. हातातील काठीवर हुकमत हवी, पायांत वेग हवा आणि सोबत्यांशी मन जुळलेले हवे. या दोन्ही खेळांत आणखी एक साम्य आहे. हौसेने खेळणारे पुष्कळ असतात; परंतु खेळ हाच ज्यांचा उद्योग आणि हीच ज्यांची उपजीविका, असे थोडे असतात. त्यांना व्यावसायिक खेळाडू म्हणतात. हा उद्योग इतर उद्योगांसारखा नाही. शेतकरी, सुतार किंवा शिक्षक ज्या वयात आपल्या कामात मुरतो, त्या वयात खेळाडूला मैदानाचा निरोप घ्यावा लागतो. जेमतेम पंधरा वर्षांत त्याला आयुष्यभराचे काम उरकावे लागते. हे आयुष्य कसे असते, ते महाराष्ट्रात वाढलेल्या एका खेळाडूच्या चरित्रावरून कळेल. त्याचे नाव धनराज पिल्ले.

पुण्याला लागूनच खडकी ही लष्करी छावणी आहे. तेथील दारूगोळ्याचा कारखाना इंग्रजी अमदानीपासूनचा. या परिसरातील कारखाना-कामगारांच्या वसाहतीत एक तमिळ कुटुंब राहत असे. घरचे कर्ते नागलिंगम पिल्ले हे मैदानाची देखभाल करीत. या घरी 16 जुलै 1968 रोजी धनराजचा जन्म झाला. घरात मुले पुष्कळ आणि मिळकत बेताची. तरीही मुलांनी हॉकी खेळावी, असे त्यांच्या आईला मनापासून वाटे. 'खेळून का पोट भरते?' असा प्रश्न ज्या घरात सहज निघावा, त्या घरातील माउलीने मुलांच्या हाती काठी राहू दिली, ही लहान गोष्ट नव्हे.

काठी तरी कसली? मोठ्या खेळाडूंनी टाकून दिलेली, मोडकी! हॉकीची काठी त्या काळी तुतीच्या लाकडाची करीत आणि तिची मूठ वेताची असे. तिची डावी बाजू सपाट असते व चेंडू केवळ त्याच बाजूने मारावयाचा, असा नियम आहे. अशा मोडक्या काठ्या आणि निकामी म्हणून फेकलेले चेंडू घेऊन पिल्ले बंधू कारखान्याच्या मैदानावर उतरत. ती जमीन मऊ आणि चिकट होती. अशा जमिनीवर चेंडू आपोआप धावत नाही. त्याला पुढे न्यावयाचे, तर मनगट सतत फिरते ठेवावे लागते आणि पायही जड मातीतून उचलावे लागतात. साधनांची उणीव ही शिक्षणाची सोय नव्हे. तिचे कौतुक कोणी करू नये. परंतु आहे त्या साधनांनिशी शिकण्याचे धनराजने थांबविले नाही, हे खरे. 1980 च्या मॉस्को ऑलिंपिकमध्ये सुवर्णपदक जिंकणाऱ्या भारतीय संघात महंमद शाहिद नावाचा एक असामान्य खेळाडू होता. चेंडूला झुलवीत प्रतिपक्षाला चकविण्यात त्याचा हातखंडा होता. धनराज त्याच्या खेळाची नक्कल करी आणि ती साधेपर्यंत पुन्हा पुन्हा करी.

धनराजचा थोरला भाऊ रमेश हा भारताकडून खेळलेला होता. मुंबईत एका खत कारखान्याच्या संघातून तो खेळे. आपल्याकडे पुष्कळ कंपन्या, बँका आणि रेल्वेसारखी खाती चांगल्या खेळाडूंना नोकरी देतात. खेळाडू त्यांच्या संघातून खेळतो आणि महिनाअखेर त्याला पगार मिळतो. 1980 नंतरच्या दशकाच्या मध्यास धनराज भावाकडे मुंबईस आला. भावाच्या देखरेखीखाली त्याच्या खेळाला वेग आला आणि वळणही लागले. पुढे महिंद्र आणि महिंद्र कंपनीच्या संघात त्याला जागा मिळाली. तेथे ज्योकिम कार्व्हालो यांच्यासारख्या जाणत्या खेळाडूचे मार्गदर्शन लाभले. डिसेंबर 1989 मध्ये दिल्ली येथे आशिया चषकाची स्पर्धा भरली, तेव्हा खडकीच्या मैदानावरील हा मुलगा भारताचा गणवेश अंगावर चढवून उभा राहिला. त्या वेळी त्याचे वय एकवीस वर्षांचे होते.

परंतु तो काळ भारतीय हॉकीला अनुकूल नव्हता. 1928 पासून 1980 पर्यंत भारताने ऑलिंपिकमध्ये आठ सुवर्णपदके मिळविली होती. दरम्यान खेळाची भूमीच बदलली. 1976 च्या माँट्रिअल ऑलिंपिकमध्ये प्रथमच कृत्रिम गवतावर हॉकी खेळली गेली. या गवतावर पाणी शिंपडतात. त्यावर चेंडू सरळ आणि अतिशय वेगाने जातो. तेथे मनगटाच्या कसबाइतकेच, किंबहुना अधिक, महत्त्व पायांच्या वेगाला आणि छातीतील दमाला आले. श्रीमंत देशांनी अशी मैदाने गावोगाव केली. आपली मुले मात्र मातीवरच शिकत राहिली आणि मोठेपणी एकाएकी या गवतावर येऊन उभी राहिली. धनराज पिल्ले यांच्यापाशी मातीवरचे कसब तर होतेच. त्याला त्यांनी विजेसारख्या वेगाची जोड दिली. आघाडीचा खेळाडू म्हणून चेंडू घेऊन ते धावू लागले, की प्रतिपक्षाचे रक्षक गोंधळून जात.

त्यांची कीर्ती देशाबाहेर गेली. परदेशांतील हॉकी संघ एकेका हंगामासाठी गुणी खेळाडूंना बोलावितात आणि त्यांना मोबदला देतात. लंडनचा इंडियन जिमखाना, फ्रान्समधील लिआँ, जर्मनीतील स्टुटगार्ट, बांगलादेशातील अबाहनी, तसेच मलेशियातील संघ यांच्याकडून धनराज खेळले. नवी भाषा, नवे अन्न, नवे सोबती; प्रत्येक ठिकाणी आपली योग्यता पहिल्यापासून सिद्ध करावयाची. व्यावसायिक खेळाडूच्या आयुष्याची ही बाजू प्रेक्षकांना सहसा दिसत नाही. पायाला दुखापत झाली, तर त्याचा हंगाम बुडतो; हंगाम बुडाला, की मिळकतही बुडते.

1998 साली धनराज भारताचे कर्णधार होते. त्या वर्षाच्या अखेरीस बँकॉक येथे आशियाई क्रीडास्पर्धा झाल्या. या स्पर्धांत हॉकीचे सुवर्णपदक भारताला 1966 नंतर मिळालेच नव्हते. अंतिम सामना दक्षिण कोरियाशी पडला आणि तो बरोबरीत सुटला. मग पेनल्टी स्ट्रोकवर निकाल लागावयाचा होता. गोलरक्षक आशिष बल्लाळ यांनी प्राण पणाला लावून गोल राखला आणि बत्तीस वर्षांनी सुवर्णपदक भारताकडे आले.

आता या संघाचे भाग्य उजळले, असेच कोणालाही वाटले असते. घडले ते वेगळेच. खेळाडूंना मिळणारे मानधन अपुरे आहे, त्यांच्या सोयींकडे दुर्लक्ष होते, असे धनराज उघडपणे बोलत असत. बँकॉकहून परतल्यावर निवडलेल्या संघात धनराज आणि आणखी सहा ज्येष्ठ खेळाडू यांची नावेच नव्हती. त्यांना विश्रांती दिली आहे, असे व्यवस्थापनाने सांगितले. स्पष्ट बोलण्याचे हे फळ आहे, असे लोकांना वाटले.

येथे क्षणभर थांबून विचार करावयास हवा. देशासाठी खेळणे हा मान आहे. मग त्याचे मोल मागणे योग्य काय? पुष्कळांना वाटते, की खऱ्या खेळाडूने पैशाचे नाव काढू नये. परंतु खेळाडूलाही घर असते, म्हातारे आईबाप असतात. त्याला सकस अन्न लागते, बूट झिजले की नवे घ्यावे लागतात. तरुणपणाची उत्तम वर्षे तो मैदानाला देतो; त्या वर्षांत इतर लोक आपापल्या धंद्यात स्थिर होत असतात. केलेल्या कामाचा रास्त मोबदला मागणे निराळे आणि पैशासाठी काम बिघडविणे निराळे. पहिल्यात स्वाभिमान आहे. दुसऱ्यात हाव आहे. धनराज यांनी मोबदला मागितला. परंतु मैदानावर उतरल्यावर खेळात कसूर केली नाही. बोलणे आणि खेळणे यांत त्यांनी सारखाच सच्चेपणा राखला. स्वभाव तापट असल्यामुळे त्यांचे शब्द कधी कधी तिखट होत. पण त्यांच्या निष्ठेविषयी कोणी शंका घेतली नाही.

ते पुन्हा संघात आले. 2000 साली सिडनी ऑलिंपिकमध्ये भारताने पोलंडला नमविले असते, तर उपांत्य फेरीचे दार उघडले असते. भारत एका गोलने पुढे होता. सामना संपावयास थोडा अवकाश असताना पोलंडने बरोबरी साधली आणि हातातोंडाशी आलेला घास गेला. धनराज यांना अश्रू आवरले नाहीत. दोन वर्षांनी जर्मनीतील कोलोन येथे झालेल्या चॅम्पियन्स करंडक स्पर्धेत सर्वोत्कृष्ट खेळाडू म्हणून त्यांचीच निवड झाली. 2003 साली क्वालालंपूर येथे त्यांच्या नेतृत्वाखाली भारताने पाकिस्तानला 4-2 असे हरवून आशिया चषक प्रथमच जिंकला. त्या वेळी ते पस्तीस वर्षांचे होते. पुढच्या वर्षी अथेन्स ऑलिंपिकनंतर त्यांनी आंतरराष्ट्रीय हॉकीचा निरोप घेतला.

पंधरा वर्षांत ते भारताकडून 339 सामने खेळले. चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार चॅम्पियन्स करंडक आणि चार आशियाई क्रीडास्पर्धा ही त्यांची वाटचाल. राजीव गांधी खेलरत्न आणि पद्मश्री हे सन्मानही त्यांना मिळाले. तरीही ऑलिंपिकचे पदक त्यांच्या गळ्यात कधी पडले नाही. चारही वेळा भारत सातव्या किंवा आठव्या स्थानावर राहिला. मग हे सारे श्रम वाया गेले काय?

असे म्हणता येणार नाही. शेतकरी उत्तम मशागत करतो. पाऊस त्याच्या हाती नसतो. खेळाडूही सराव करू शकतो, जीव ओतून खेळू शकतो. निकाल त्याच्या एकट्याच्या हाती नसतो. पडत्या काळात ज्यांनी हॉकीची काठी खाली ठेवली नाही, त्यांच्यामुळे खेळाची परंपरा तुटली नाही. पुढे 2021 साली टोकियोला आणि 2024 साली पॅरिसला भारताने ऑलिंपिकची कांस्यपदके जिंकली. त्या पदकांवर धनराज यांचे नाव कोरलेले नाही. परंतु ती वाट ज्यांनी राखली, त्यांत त्यांचे नाव अग्रभागी आहे. मैदानाची निगा राखणाऱ्या पित्याच्या या पुत्राने आयुष्यभर दुसऱ्या अर्थाने तेच काम केले.

शब्दार्थ

अमदानी – राजवट. हातखंडा असणे – विशेष प्रावीण्य असणे. किंबहुना – इतकेच नव्हे तर. कसूर – हयगय. रास्त – योग्य. मशागत – पिकासाठी जमिनीची केलेली तयारी.

स्वाध्याय

1. बर्फावरील हॉकी आणि मैदानावरील हॉकी यांतील दोन साम्ये व दोन भेद सांगा.
2. कृत्रिम गवतामुळे हॉकीच्या खेळात कोणता बदल झाला? भारतीय खेळाडूंना तो जड का गेला?
3. 'पहिल्यात स्वाभिमान आहे. दुसऱ्यात हाव आहे.' या वाक्याचा अर्थ तुमच्या शब्दांत लिहा.
4. वाक्यांत उपयोग करा : प्राण पणाला लावणे, हातातोंडाशी आलेला घास जाणे, जीव ओतणे.
5. तुमच्या गावातील खेळाच्या मैदानाची देखभाल कोण करते? त्यांना भेटून त्यांच्या कामाविषयी दहा ओळी लिहा.