शेवटच्या हप्त्याची तारीख

भाईंदर (पूर्व)
रविवार, रात्र

चि. बाळ्यास,


परवा फोनवर मी आवाज चढवला आणि तू "मामा, नंतर बोलू" म्हणून फोन ठेवलास. चूक माझी. भरल्या संसाराच्या माणसावर असं ओरडायचं नसतं. मामी त्या दिवसापासून माझ्याशी धड बोललेली नाही. म्हणून हे पत्र. कागदावर आवाज चढत नाही.

पण मी का ओरडलो तेही ऐक. त्याच सकाळी तुझ्या आईचा फोन आला होता. ती रडली नाही, ती रडत नाहीच, पण आवाज असा बारीक काढला की मला धस्स झालं. म्हणाली, "दादा, त्याने मीरा रोडला घर बुक केलंय. तीस वर्षांचं कर्ज आहे. कमी पडतात म्हणून माझी पोस्टातली ठेव मोडायची म्हणतोय, आणि उरलेले पर्सनल लोनने." मी विचारलं, शेवटचा हप्ता कधी? तिला माहीत नव्हतं. मग तुला विचारलं, तर तू म्हणालास, "मामा, एवढ्या पुढचं कोण बघतं?"

बाळ्या, तू चौतीस वर्षांचा आहेस. त्यात तीस मिळव.

चौसष्ट. तुझे वडील अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त झाले आणि एकसष्टाव्या वर्षी गेले. हे लिहिताना हात थांबतोय, पण लिहिलं पाहिजे. चौसष्टाव्या वर्षापर्यंत दर महिन्याच्या पाच तारखेला खात्यात पैसे हवेत, अशी सही तू करायला निघाला आहेस.

मी चाळीस वर्षं खातेवह्या लिहिल्या. काल रात्री जुन्या डायरीच्या मागच्या पानावर तुझं कर्ज मांडलं. ६० लाख, साडेआठ टक्के, ३० वर्षं. हप्ता ४६,१३५. सगळे हप्ते मिळून १ कोटी ६६ लाख. म्हणजे ६० लाखांवर १ कोटी ६ लाख व्याज. तेच कर्ज २० वर्षांचं केलं तर हप्ता ५२,०६९ आणि व्याज ६५ लाख. महिन्याला सहा हजारांपेक्षाही थोडे कमी वाचावेत म्हणून तू ४१ लाख जास्त देणार आहेस. मी तीनदा ताळा घेतला.

पहिल्या हप्त्याचंच बघ. ४६,१३५ मधले ४२,५०० व्याजाला जातील, मुद्दल फिटेल ३,६३५. दहा वर्षं इमानेइतबारे हप्ते भरलेस तर तू ५५ लाखांवर रक्कम दिलेली असेल आणि तरीही ५३ लाख शिल्लक असतील. येणारं बाळ तेव्हा चौथी-पाचवीत असेल.

हे तुला त्या चकचकीत ऑफिसात कुणी सांगितलं का? एजंटने हप्ता सांगितला असणार. हप्ता दोघांच्या पगारात बसतो, हे दाखवलं असणार. बसतोही. पण सूनबाईला सातवा महिना लागलाय. वर्षभर तिची नोकरी थांबली तर तो कोणाच्या पगारात बसेल?

आणि हप्ता म्हणजे सगळं घर नव्हे. ७५ लाखांच्या घराला ६० लाखांपर्यंतच कर्ज मिळतं, वरचे १५ लाख, म्हणजे मार्जिन मनी, आपले. स्टॅम्प ड्युटीचे पाचेक लाख आणि नोंदणीचे तीस हजार कर्जात धरत नाहीत. इमारत अजून बांधायची आहे, म्हणून ५ टक्के जीएसटी, पावणेचार लाख. ओसी, म्हणजे भोगवटा प्रमाणपत्र, मिळालेली तयार इमारत असती तर हा जीएसटी लागलाच नसता. झाले चोवीस लाख. यातले दहा तुझ्याकडे आहेत, सहा आईचे, आणि आठ लाख पर्सनल लोनचे. १३ टक्क्यांनी पाच वर्षांत फेडायचं म्हटलं तर त्याचा हप्ता १८ हजारांवर जातो. वर ताबा मिळेपर्यंत तुमच्या शांतीनगरच्या जागेचं भाडं चालूच. बिल्डरला पैसे जातील तसं त्यावर व्याज सुरू होईल आणि मुद्दलातला एक रुपयाही फिटणार नाही. मार्जिन मनीसाठी पर्सनल लोन काढायचं म्हणजे एका पायात बेडी असताना दुसरा पाय पुढे करणं. हे मात्र करू नकोस. बाकी काय वाटेल ते कर.

तू म्हणालास, कर वाचतो. आपण राहत असलेल्या घराच्या कर्जावरच्या व्याजाची सूट जुन्या करप्रणालीत आहे, आणि तीही वर्षाला २ लाखांपर्यंतच. तू नव्या प्रणालीत आहेस. विचार तुझ्या सीएला.

दुसरं, दर. त्या क्रेडिट कार्डाच्या भानगडीत तुझा सिबिल स्कोअर पडला, म्हणून तुला साडेआठ टक्के सांगितलेत. २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेने रेपो दर ६.५० वरून ५.२५ टक्क्यांपर्यंत उतरवला, म्हणून आज सगळ्यांनाच कर्ज स्वस्त वाटतंय. पण आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या मुलाने २०२० च्या शेवटी ३० लाख घेतले, तेव्हा रेपो ४ टक्के होता. त्याला पावणेसात टक्क्यांनी मिळालं, २० वर्षांसाठी, हप्ता २२,८११. पोराने पेढे वाटले. ४ मे २०२२ ला रेपो वाढायला सुरुवात झाली आणि फेब्रुवारी २०२३ ला तो साडेसहावर पोचला. त्याचा दर सव्वानऊ झाला. तोपर्यंत दोन वर्षं भरून साडेअठ्ठावीस लाख उरले होते आणि अठरा वर्षं. तोच हप्ता ठेवायचा तर त्या अठराची पस्तीसहून जास्त वर्षं झाली असती. बँकेने आधी मुदत ताणता येईल तेवढी ताणली, मग हप्ताही वाढवला. त्याला कळलं ते मोबाइलवरच्या मेसेजने. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला की दर बदलला की हप्ता वाढवायचा का मुदत, हे बँकेने कर्जदाराला विचारलं पाहिजे. बँक विचारेल तेव्हा हप्ता वाढवून घे, मुदत नको. तुझी चौसष्टची सत्तर होऊ देऊ नकोस.

आता माझं ऐक. हे मी कोणाला सांगितलेलं नाही, मामीलाही अर्धंच माहीत आहे.

१९८२ च्या संपाने आजोबांची गिरणी गेली ते तुला ठाऊक आहेच. लालबागची खोली विकून आम्ही १९८८ मध्ये इथे आलो. भाईंदरला तेव्हा नगरपरिषद होऊन तीन वर्षं झाली होती. खिडकीतून मिठागरं दिसायची, पाणी तासभर यायचं, पावसात चप्पल हातात घेऊन स्टेशन गाठावं लागायचं. घराला साठ हजार कमी पडत होते. एका संस्थेकडून साडेतेरा टक्क्यांनी घेतले, १५ वर्षांसाठी. हप्ता ७७९ रुपये, पगार सोळाशे. सगळं फिटलं तेव्हा मी १ लाख ४० हजार भरले होते. ते पैसे गेले त्याचं मला दुःख नाही. डोक्यावर छप्पर झालं, आजोबांनी शेवटचा श्वास स्वतःच्या घरात घेतला.

मला दुःख आहे १९८९ चं. तुझी आई बारावीला चांगल्या मार्कांनी पास झाली. तिला डी.एड. करायचं होतं, शिक्षिका व्हायचं होतं. खासगी कॉलेजात जागा मिळत होती. फी, देणगी, सगळं मिळून नऊ हजार. माझ्याकडे आठ होते, बँकेत, पुढच्या हप्त्यांची सोय म्हणून बाजूला ठेवलेले. एक हजार कोणीही दिले असते. पण मला भीती वाटली. नोकरी गेली तर? हप्ता चुकला तर? आजोबांच्या गिरणीचं दार बंद होताना मी पाहिलं होतं. मी तिला म्हणालो, "पुढच्या वर्षी बघू."

पुढच्या वर्षी ती फाटकाजवळच्या स्टीलच्या भांड्यांच्या गाळ्यात पॅकिंगला जात होती. त्याच्या पुढच्या वर्षी लग्न झालं. तिने मला आजवर एका शब्दाने बोललेलं नाही. पण समोरची शाळा सुटायच्या वेळी ती अजून गॅलरीत जाऊन उभी राहते, पाहिलं आहेस ना? मी पाहिलं की आत जातो.

कर्जाचं व्याज मी वहीत मांडू शकतो. हे कोणत्या रकान्यात मांडू? म्हणून तिच्या ठेवीचं नाव निघालं तेव्हा माझा तोल गेला. एका घराच्या हप्त्यापायी तिचं शिक्षण गेलं. आता दुसऱ्या घराच्या हप्त्यापायी म्हातारपणची पुंजी जाऊ नये.

घर घेऊच नकोस, असं मी म्हणत नाही. दर अकरा महिन्यांनी नवा करार, मालकाच्या मुलाचं लग्न ठरलं की खोली खाली करा, हे तुम्ही दोनदा भोगलंत. घर हवं. पण ते पंचाहत्तर लाखांचंच का? दहिसरहून मेट्रोचे खांब आले म्हणून भाव वाढणार, असं तू म्हणतोस. वाढोत. राहत्या घराचा भाव वाढला तर ते विकून राहशील कुठे?

नवघर रोडला, गोल्डन नेस्टकडे ओसी असलेल्या रीसेलच्या जागा मी बघून ठेवल्या आहेत, बांधून दहा-पंधरा वर्षं झालेल्या, लिफ्ट असलेल्या. आमच्यासारखी जुनी मात्र घेऊ नकोस. आमच्या इमारतीला सदतीस वर्षं होऊन गेली. तीस वर्षं झाली की महापालिकेला स्ट्रक्चरल ऑडिट द्यावं लागतं. ते झालं आणि दुरुस्तीचे प्रत्येकी १ लाख ८० हजार निघाले. खाडीच्या खाऱ्या हवेने सळया फुगल्यात, जिन्यात प्लास्टर पडतं. तुझ्या तीस वर्षांच्या शेवटी तुझीही इमारत जवळपास तिशीची असेल. तिच्या दुरुस्तीचा खर्च तुझ्या गणितात कुठेच नाही.

टोकन किती दिलंस ते तू सांगितलं नाहीस. करारनामा नोंदवल्याशिवाय बिल्डरला किमतीच्या दहा टक्क्यांपेक्षा जास्त घेता येत नाही, रेरा कायद्यातच आहे. तेव्हा जे दिलं तेवढ्यावर थांब. परत मिळत असेल तर घे. त्यातले पाचपंचवीस हजार बुडाले तर बुडू देत. मंजुरीच्या कागदांत कर्जाच्या विम्याचा हप्ता कर्जातच मिळवलाय का तेही बघ. दीड लाखाचा विमा तीस वर्षांच्या कर्जात घातला की चार लाखांवर जातो. विमा हवाच, पण वेगळा, साधा टर्म इन्शुरन्स घे, आणि बाळ यायच्या आत घे.

आणि हेच घर घ्यायचं पक्कं असेल, तरी वीस वर्षांवर जाऊ नकोस. हप्ता झेपत नसेल तर घर झेपत नाही असं समज. तीसचंच मिळालं तर दर दिवाळीला एक हप्ता जास्तीचा भर. बदलत्या दराच्या गृहकर्जाला मुदतीआधी फेडल्याचा दंड लागत नाही. एवढ्यानेही सातेक वर्षं कमी होतात. चौसष्टची सत्तावन्न होईल. मी पुन्हा तिथेच आलो बघ. रात्री झोप लागत नाही तेव्हा हाच आकडा डोळ्यांपुढे येतो.

किती बोललो. तू लहान होतास तेव्हा माझ्या खांद्यावर बसून मिठागरातले ढीग मोजायचास, आणि वीसच्या पुढे चुकायचास. मी तुला चुकू द्यायचो, कारण तू पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचास आणि तेवढा वेळ खांद्यावर राहायचास. तू आमच्या घरातला पहिला इंजिनियर. तुझ्या आईला तुझा निकाल सांगायला मीच धावत गेलो होतो. तुझ्या अकलेवर माझा अविश्वास नाही. मला फक्त भीती वाटते, आणि ती तुझी नाही, माझी जुनी आहे.

आईची ठेव मोडू नकोस. माझी चार लाखांची एक ठेव चैत्रात मोकळी होतेय. ती तुला देतो. व्याज नको, आणि परत कधी करणार तेही विचारणार नाही. ते पैसे मी १९८९ पासून तुझ्या आईचेच समजतो. तिला सांगू नकोस. नाहीतर सांग. तिला कळायला हवं का, हे मला आजही ठरवता येत नाही.

आमच्याकडे लिफ्ट नाही, सूनबाईला चार मजले चढवू नकोस. येत्या रविवारी सकाळी मीच मीरा रोडला येतो. मंजुरीचे सगळे कागद काढून ठेव आणि तोपर्यंत कशावरही सही करू नकोस. मामीने सूनबाईसाठी डिंकाचे लाडू केलेत, तेही आणतो.

तुझा,
मामा