पोलिसांनी फाईल बंद केली, पुढे काय?



"पोलिसांनीच फाईल बंद केली, आता कुणाकडे जायचं?" ग्रामसंघाच्या बैठकीत हा प्रश्न कुणी ना कुणी विचारतंच. म्हणून आजचा पाठ त्यावरच. तपास पोलीस करतात, पण तो संपला की नाही, यावर शेवटचा शब्द न्यायालयाचा असतो.

समजा, "हप्ते बँकेत भरतो" म्हणून एकानं गटाकडून पैसे नेले आणि भरलेच नाहीत. ठाण्यात गेलात तर उत्तर मिळालं, "हा तुमचा आपसातला व्यवहार." तसं नाही, बायांनो. विश्वासानं सोपवलेले पैसे लाटणं हा दखलपात्र गुन्हा आहे. अशा गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर नोंदवायलाच हवा, असा निकाल सर्वोच्च न्यायालयानं २०१३ साली ललिता कुमारी प्रकरणात दिला. १ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्यात काही गुन्ह्यांसाठी आधी १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करायची मुभा पोलिसांना आहे, पण नुसतं हाकलून द्यायची नाही.

नोंद घेतली नाही तर तीच तक्रार लिहून पोलीस अधीक्षकांना पोस्टानं पाठवा. पावती जपा! तिथंही काही हललं नाही तर प्रतिज्ञापत्र जोडून न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो, आणि तेव्हा हीच पावती कामाला येते. ते पोलिसांचं म्हणणं ऐकून तपासाचा आदेश देऊ शकतात. हे कलम १७५(३). वकील अजून सवयीनं 'एकशे छप्पन तीन' म्हणतात, ते हेच.

एफआयआर झाला की त्याची प्रत फुकट मिळते. तपास कुठवर आला हे ९० दिवसांच्या आत तुम्हाला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. तपास नीट होत नसेल तर न्यायदंडाधिकारी त्यावर देखरेख ठेवू शकतात, हे २००७ च्या साकिरी वासू निकालात स्पष्ट झालंय. मात्र ते स्वतः तपासाला निघत नाहीत.

आता खरी मेख. पुरावा मिळाला तर पोलीस दोषारोपपत्र देतात. नाहीतर आपल्या महाराष्ट्रात 'समरी' पाठवतात. 'ए' म्हणजे गुन्हा घडला, पण आरोपी सापडला नाही किंवा पुरावा पुरला नाही. 'बी' म्हणजे तक्रार जाणूनबुजून खोटी. 'सी' म्हणजे गैरसमजातून झालेली किंवा दिवाणी स्वरूपाची. आपल्या हप्त्यांच्या प्रकरणात बहुधा 'सी' येईल. 'बी' आली तर जास्तच सावध व्हा, कारण खोटी तक्रार केली म्हणून उलट तुमच्यावरच कारवाई होऊ शकते.

पण समरी ही पोलिसांची शिफारस आहे, निकाल नव्हे. ती मान्य करण्याआधी फिर्यादीला नोटीस देऊन तिचं म्हणणं ऐकायलाच हवं, हे सर्वोच्च न्यायालयानं १९८५ सालीच भगवंत सिंग प्रकरणात सांगितलंय. आणि आपण काय करतो? कोर्टाचा कागद आला की घाबरून ट्रंकेत घालतो. तारखेला कुणी जात नाही, मग समरी मान्य होते. दुसरी चूक म्हणजे "आमची हरकत नाही" असं लिहिलेल्या कागदावर न वाचता अंगठा देणं.

तारखेला गेलात तर हरकतीचा अर्ज देता येतो. कुणाचा जबाब घेतला नाही, बँकेचा कोणता उतारा पाहिला नाही, हे नेमकं लिहा. "अन्याय झाला" एवढ्यानं भागत नाही. न्यायदंडाधिकारी मग पुढचा तपास करायला सांगू शकतात, किंवा समरी नाकारून स्वतः गुन्ह्याची दखल घेऊ शकतात. समरी मान्यही करू शकतात, पण तुमचं ऐकून. पोलिसांना "दोषारोपपत्र द्याच" असा हुकूम मात्र ते देत नाहीत.

वकिलाच्या खर्चाची चिंता नको. उत्पन्न कितीही असो, बाईला मोफत वकील मिळतो. तालुका कोर्टाच्या आवारात विधी सेवा समिती असते, फोन १५१००. जाताना एफआयआरची प्रत, पोस्टाची पावती, नोटीस आणि गटाचं हिशोबाचं रजिस्टर बरोबर न्या. एकटीला धीर होत नसेल तर गटातली एक जण सोबत घ्या.