हाताला गुण नाही म्हणे!

"ताई, राग मानू नका, पण तुमच्या हातालाच गुण नाही." चार गिऱ्हाइकांसमोर नर्सरीवाला मला हे म्हणाला. आदल्या डिसेंबरात लालभडक पॉइन्सेटियाच्या तीन कुंड्या माझ्या गळ्यात मारणारा हाच. "दर थंडीत अशीच लाल होणार, काही करावं लागत नाही," हेही त्याचंच.

दुसऱ्या थंडीत झाडं कंबरभर वाढली, पण हिरवीगार. शेणखत घातलं, पाणी तोडलं, कुंड्या उन्हामागे फिरवल्या. सासूबाई तर म्हणाल्या, "भाजी तरी होते का बघ." (करू नका. चीक अंगाला खाजतो.)

तिसरी कुंडी गच्चीवर पाण्याच्या टाकीमागे ढकलून मी विसरून गेले होते. जानेवारीत जळमटं काढायला गेले, तर तिचे शेंडे लाल! ऊन तिन्हींना सारखंच. फरक एकच, समोरच्या दोघींवर सोसायटीच्या नव्या एलईडीचा झोत रात्रभर पडायचा आणि हिच्यावर टाकीची सावली. झाडू हातात धरून मी तिथेच उभी राहिले. इतके दिवस स्वतःच्या हातांना नावं ठेवत होते!

हे झाड रात्र मोजतं. ते लाल म्हणजे फूल नव्हेच, ती पानं. फुलं मधोमध असतात ती बारीक पिवळी. पानं रंगायला ऑक्टोबरपासून दीड-दोन महिने रोज रात्री सलग 13-14 तास काळोख लागतो. पुण्यात डिसेंबरची रात्र तेवढी असतेच, फक्त आपण ती दिव्याने नासवायची नाही. शेवंतीचं गणितही असंच.

नर्सरीवाल्याला सांगायला गेले, तर म्हणतो, "हो, वाढवणारे काळं कापड टाकतातच की." मग मला का नाही सांगितलंत? "तुम्ही विचारलंत कुठं?"

तेव्हा विचारा. पूर्ण फुललेलं रोप घेऊ नका, कळ्यांचं घ्या. पिटुनिया, पॅन्झी, डायंथस सगळ्यांना हे लागू. कुंडी आडवी करून तळाच्या भोकातून मुळं बघा. तपकिरी, गुंडाळलेली असली तर पुढे चला, तो कितीही "ताई, ताई" करो. थंडीत रोज पाणी नको, बोट पेरभर मातीत घालून बघा. शेवंती विकत घेण्यापेक्षा कुणाकडून काश्या (मुळाशी फुटलेली रोपं) मागून आणा आणि पावसाळ्यात शेंडे खुडत राहा, झाड डेरेदार होतं. बाकी ऊन, खत, निगा, ते तुम्हाला ठाऊकच आहे.

यंदा दिव्यासमोरच्या दोन्ही कुंड्यांवर वॉशिंग मशीनचं खोकं पालथं घालते. संध्याकाळी साडेपाचला झाकायचं, सकाळी साडेसातला काढायचं. झाकायचं काम ह्यांच्याकडे दिलंय. पहिल्याच आठवड्यात दोनदा विसरले.