साथीची सारंगी पुढे आली : पं. रामनारायण

चेलो हे वाद्य आपण बहुतेकांनी टीव्हीवरच पाहिलेलं असतं. खुर्चीवर बसून, गुडघ्यांत धरून, गजाने वाजवतात ते. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पाब्लो कॅसल्स यांनी त्याला एकट्याच्या मैफलीत मान मिळवून दिला. आपल्याकडे हेच काम सारंगीसाठी पं. रामनारायण यांनी केलं.

त्यांचा जन्म १९२७ चा, उदयपूरजवळचा. १९४४ मध्ये ते लाहोर रेडिओवर गायक म्हणून नोकरी मागायला गेले. तिथल्या अधिकाऱ्यांनी त्यांच्या नखांवरच्या खाचा पाहिल्या आणि घेतलं सारंगीवादक म्हणून! कारण चेलोवर बोटाच्या टोकाने तार दाबतात, सारंगीत मात्र नखाचं मूळ तारेला बाजूने घासतं. असा हा इंटरव्ह्यू!

लाहोरमध्येच त्यांना अब्दुल वहीद खाँसाहेबांची तालीम मिळाली. घराणं किराणा, म्हणजे आपल्या शेजारच्या मिरजेत राहिलेल्या अब्दुल करीम खाँसाहेबांचंच.

आता थोडं आपल्या विषयाचं. सारंगीला वाजवायच्या तारा तीनच, आतड्याच्या. त्यांच्याखाली तरफेच्या पस्तीसच्या आसपास धातूच्या तारा. त्यांना गज लागत नाही. वरचा सूर खालच्या तारेच्या फ्रिक्वेन्सीशी जुळला की ती आपोआप बोलते. फर्स्ट इयरला आपण घोकलेला रेझोनन्स तो हाच! आणि म्हणूनच सूर जरा हलला की खालच्या तारा गप्प.

फाळणीनंतर दिल्ली रेडिओ आणि १९४९ पासून मुंबई. सिनेमाच्या रेकॉर्डिंगवर घर चालत होतं. पण गवयाच्या मागे बसून साथ करायची, हे त्यांना सलत होतं. १९५४ मध्ये मुंबईच्या कावसजी जहांगीर हॉलमध्ये ते एकटे वाजवायला बसले. लोक पुढच्या नामवंतांची वाट बघत होते. त्यांनी आरडाओरडा करून यांना अक्षरशः उठवलं. दोनच वर्षांनी, १९५६ मध्ये, मुंबईतच त्यांचं एकलवादन लोकांनी मनापासून ऐकलं. पुढे साठच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी साथ करणं बंद केलं. १९६४ मध्ये तबल्यावर मोठे भाऊ चतुरलाल यांना घेऊन ते युरोप-अमेरिकेत वाजवून आले. २००५ मध्ये पद्मविभूषण मिळालं. २०२४ मध्ये मुंबईतच त्यांचं निधन झालं.

मला यात सगळ्यात महत्त्वाची वाटतात ती १९५४ नंतरची वर्षं. त्यांनी रेकॉर्डिंगची कमाई सोडली नाही आणि रियाजही सोडला नाही. साथ सोडली ती एकट्याने वाजवून लोकांची पसंती मिळाल्यावरच. प्लेसमेंट की आवड, यावर आमच्या गडमुडशिंगीच्या होस्टेलवर रात्री दोन-दोन वाजेपर्यंत वाद चालतात. दोन्ही बाजूंच्या मंडळींना माझी एकच विनंती : वाद थोडा थांबवा, हेडफोन लावा आणि रामनारायणांचा एक आलाप शेवटपर्यंत ऐका. खालच्या तारा बोलताना ऐकू येतात का, ते मला मेसमध्ये नक्की सांगा!