तक्रारदाराच्या निधनानंतर खासगी फौजदारी तक्रार: वारसांनी काय करावे?

पोलिसांच्या दोषारोपपत्राशिवाय थेट न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे केलेली खासगी फौजदारी तक्रार तक्रारदार वारल्याने आपोआप संपत नाही. आरोपी वारला तर त्याच्यापुरता खटला संपतो. तक्रारदाराबाबत तसा नियम नाही. मात्र वारस गप्प राहिले तर तक्रार निकालात निघू शकते. दौलताबादच्या कुटुंबावर अशी वेळ आल्यास पुढील क्रम ठेवावा.

१. पुढची तारीख काढा. कागदपत्रांत सोळा अंक-अक्षरांचा सीएनआर क्रमांक सापडला, तर ई-कोर्ट्स ॲपवर तारीख दिसते. न सापडल्यास अदालत रोडवरील जिल्हा न्यायालयात दिवंगतांच्या वकिलांना गाठा. तेराव्याची वाट पाहू नका. सुतकातही फोन करून मृत्यूची पुरसीस, म्हणजे न्यायालयाला कळवणारे लेखी निवेदन, दाखल करायला सांगता येते.

२. खटल्याचा प्रकार विचारा. सारा धोका इथेच आहे. दोन वर्षांपर्यंत शिक्षेचे गुन्हे समन्स खटल्यात येतात. धनादेश न वटल्याचा खटलाही त्याच पद्धतीने चालतो. समन्स खटल्यात तक्रारदार गैरहजर राहिला तर आरोपी निर्दोष सुटू शकतो, आणि मृत्यूमुळे आलेली गैरहजेरीही कायदा यातच धरतो (जुन्या दंड प्रक्रिया संहितेचे कलम २५६, नव्या नागरिक सुरक्षा संहितेचे २७९). नव्या संहितेत त्याआधी तीस दिवसांची मुदत द्यावी लागते. १ जुलै २०२४ पूर्वीपासून चालू असलेल्या खटल्यांना सहसा जुनीच संहिता लागू राहते, त्यामुळे त्या तीस दिवसांवर विसंबू नये.

३. मृत्यू प्रमाणपत्र घ्या. मृत्यू जिथे झाला तिथे नोंद होते. गावात झाला असेल तर ग्रामपंचायतीत जा. घाटी रुग्णालयात झाला असेल तर नोंद शहरात मिळेल. नोंदणीची नेहमीची मुदत २१ दिवसांची आहे.

४. अर्जदार ठरवा. घरात बसून एकाचे नाव पक्के करा आणि इतर वारसांची लेखी संमती घ्या. नात्याच्या पुराव्यासाठी शिधापत्रिका, आधार अशी कागदपत्रे जोडा. बाहेरगावी असलेल्या वारसाच्या कुलमुखत्याराने परस्पर अर्ज करू नये. जिमी जहांगीर मदन प्रकरणात (२००४) सर्वोच्च न्यायालयाने असा अर्ज मान्य केला नाही. परवानगी वारसाने स्वतः मागायला हवी.

५. त्याच न्यायालयात अर्ज द्या. मृताने दिलेले वकीलपत्र संपलेले असते, म्हणून नवे वकीलपत्र करा. अर्ज कलम ३०२ खाली (नव्या संहितेत ३३९), खटला पुढे चालवण्याच्या परवानगीसाठी असावा. मुंबईच्या अश्विन नानुभाई व्यास खटल्यात (एआयआर १९६७ एससी ९८३) तक्रारदार स्त्री वारल्यावर तिच्या आईला खटला पुढे चालवता येईल, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. मराठवाड्याला जवळचा निवाडा २००६ चा आहे. औरंगाबाद खंडपीठातून वर गेलेल्या बाळासाहेब ठाकरे विरुद्ध व्यंकट ऊर्फ बब्रू या अब्रूनुकसानीच्या प्रकरणात तक्रारदार वारले होते. वारसांना परवानगीचा अर्ज करता येईल, असे न्यायालयाने तेव्हा सांगितले. वॉरंट खटल्यासाठी, म्हणजे दोन वर्षांहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्याच्या खटल्यासाठी, चांद देवी डागा (२०१७) हा निवाडा दाखवावा. परवानगी देणे न्यायदंडाधिकाऱ्यांच्या अखत्यारीत असते, तेव्हा आपण खटला का चालवू इच्छिता हे अर्जात दोन वाक्यांत स्पष्ट लिहा.

६. पुरावा नव्याने तपासा. दिवंगतांची साक्ष आणि उलटतपासणी दोन्ही झाली असतील, तर ती नोंद वापरता येते. उलटतपासणी राहिली असेल, तर मूळ धनादेश, खरेदीखत, बँकेचा अधिकारी, व्यवहाराच्या वेळी हजर असलेला शेजारी यांवर भिस्त ठेवावी लागेल. साक्षीदारांची यादी वकिलांसोबत पुन्हा करा.

७. तक्रार आधीच निकाली निघाली असल्यास आदेशातला शब्द पाहा. ‘निर्दोष मुक्त’ असे असेल तर न्यायदंडाधिकारी स्वतःचा आदेश फिरवू शकत नाहीत. अपिलाची वाट धरावी लागते. उच्च न्यायालयाकडे विशेष परवानगी मागण्याची मुदत आदेशापासून साठ दिवस आहे. नकलेसाठी त्याच दिवशी अर्ज करा.

वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.